जपायचं काय, हे कोण ठरवणार? ऑक्सफर्डच्या बोडलियन ग्रंथालयाची चार शतकं

१६२३ साली लंडनमध्ये शेक्सपियरच्या नाटकांचा पहिला एकत्रित संग्रह छापून निघाला. आज त्याला ‘फर्स्ट फोलिओ’ म्हणतात आणि जगातल्या सर्वांत मौल्यवान छापील पुस्तकांत त्याची गणना होते. त्याची एक प्रत लगेचच ऑक्सफर्ड विद्यापीठाच्या बोडलियन ग्रंथालयात आली. ती सुट्या पानांची होती. फेब्रुवारी १६२४मध्ये ग्रंथालयाने ती विल्यम वाइल्डगूज नावाच्या बांधणीकाराकडे पाठवली. बांधून परत आल्यावर तिला लोखंडी साखळी लावून फळीवर ठेवलं गेलं. वाचकांनी ती इतकी हाताळली की ‘रोमिओ अँड ज्युलिएट’ची पानं पार झिजली. पुढे १६६४च्या सुमारास त्याच संग्रहाची नवी आवृत्ती निघाली, तिच्यात सात नाटकं जास्त होती. नवी भरघोस प्रत हाती असताना जुनी कशाला सांभाळायची, असं ग्रंथालयाला वाटलं आणि जुनी प्रत नको असलेल्या पुस्तकांबरोबर विकली गेली. वाढीव सात नाटकांपैकी बहुतेक शेक्सपियरची नव्हतीच, हे नंतरच्या अभ्यासकांनी दाखवून दिलं.

१९०५ साली एक तरुण आपल्या घरातलं जुनं पुस्तक घेऊन बोडलियनमध्ये आला. त्याची बांधणी कशी सुधारावी, एवढंच त्याला विचारायचं होतं. तिथल्या कर्मचाऱ्यांनी बांधणी ओळखली, साखळी उखडल्याची खूण पाहिली, आणि अडीचशे वर्षांपूर्वी घालवलेली प्रत हीच, हे त्यांच्या लक्षात आलं. पुढे अमेरिकेतले श्रीमंत संग्राहक हेन्री फोल्जर यांनी त्या पुस्तकासाठी मोठी रक्कम देऊ केली. ग्रंथालयाने लोकांकडून वर्गणी गोळा केली आणि १९०६मध्ये तीन हजार पौंड मोजून स्वतःचंच पुस्तक परत विकत घेतलं.

ही घटना मला बोडलियनच्या सगळ्या इतिहासाची किल्ली वाटते. जुनी प्रत विकणारे लोक मूर्ख नव्हते. त्यांच्या काळाच्या हिशोबाने त्यांनी शहाणपणाचाच निर्णय घेतला होता. अडचण अशी की शंभर-दोनशे वर्षांनी कुणाला काय हवं असेल, हे आजच्या माणसाला कळू शकत नाही. मग ग्रंथालयाने ठेवायचं काय आणि टाकायचं काय? बोडलियनने या प्रश्नाशी चारशे वर्षं झुंज दिली. त्या झुंजीतून जे नियम तयार झाले, त्यांमुळे ते मोठं झालं असं मी मानतो. नुसती दुर्मिळ पुस्तकं इतरही अनेक ठिकाणी आहेत.

ऑक्सफर्डमध्ये विद्यापीठाचं ग्रंथालय बोडलियनच्याही आधी होतं. १३२०च्या सुमारास वूस्टरचे बिशप थॉमस कोबम यांनी सेंट मेरी चर्चला लागून एक दालन बांधायला घेतलं. १३२७मध्ये ते वारले ते डोक्यावर कर्ज ठेवून. त्यांची पुस्तकं गहाण पडली, ती ओरियल कॉलेजने सोडवून घेतली, आणि मग पुस्तकं कॉलेजची की विद्यापीठाची यावर बरीच वर्षं भांडण चाललं. त्या काळी पुस्तक म्हणजे कातड्याच्या पानांवर हाताने लिहिलेली, महिनोन्महिने खपून तयार केलेली वस्तू होती. ती सोन्यानाण्यासारखी गहाण पडायची, यात कुणाला नवल वाटत नसे.

पंधराव्या शतकात राजा पाचव्या हेन्रीचा धाकटा भाऊ हम्फ्री, म्हणजे ग्लॉस्टरचा ड्यूक, याने विद्यापीठाला २८०हून अधिक हस्तलिखितं दिली. प्लेटो, ॲरिस्टॉटल, सिसेरो असे लेखक त्यांत होते. विद्यापीठाकडे तोवर जेमतेम वीसेक पुस्तकं होती, म्हणजे ही देणगी केवढी हे कळेल. जुनं दालन अपुरं पडलं. तेव्हा धर्मशास्त्र शिकवण्याची जी भव्य इमारत उभी राहत होती, तिच्यावर आणखी एक मजला चढवायचं ठरलं. १४७८मध्ये काम सुरू झालं, १४८८मध्ये दालन उघडलं. आजही त्याला ‘ड्यूक हम्फ्रीचं ग्रंथालय’ म्हणतात.

हे सगळं जेमतेम साठ वर्षं टिकलं. राजा सहाव्या एडवर्डच्या काळात इंग्लंड कॅथलिक पंथापासून दूर जात होतं. १५५०मध्ये क्राइस्ट चर्च कॉलेजचे प्रमुख (डीन) रिचर्ड कॉक्स यांच्या पुढाकाराने ‘अंधश्रद्धेची’ पुस्तकं काढून टाकण्याची मोहीम ऑक्सफर्डात चालली आणि ग्रंथालय रिकामं झालं. १५५६मध्ये फळ्या आणि बाकंसुद्धा विकली. ड्यूकच्या पुस्तकांपैकी आज मोजकीच सापडतात, तीही इकडेतिकडे विखुरलेली.

त्या रिकाम्या दालनात एक माणूस विद्यार्थी असल्यापासून वावरला होता. थॉमस बोडली हे त्याचं नाव. जन्म १५४५, एक्झिटरचा. घर प्रॉटेस्टंट, त्यामुळे कॅथलिक राणी मेरीच्या राज्यात कुटुंबाला देश सोडावा लागला आणि त्याचं बालपण जिनिव्हात गेलं. परत आल्यावर तो ऑक्सफर्डला शिकला, मर्टन कॉलेजात ग्रीक शिकवू लागला. पुढे राणी एलिझाबेथचा राजदूत म्हणून नेदरलँड्समध्ये राहिला. मासळीच्या व्यापारात गबर झालेल्या एका व्यापाऱ्याच्या विधवेशी त्याने लग्न केलं. ग्रंथालयाला लागलेल्या पैशात या मासळीच्या पैशाचा वाटा मोठा आहे. दरबारी राजकारणाला कंटाळून निवृत्त झाल्यावर २३ फेब्रुवारी १५९८ रोजी त्याने विद्यापीठाच्या कुलगुरूंना पत्र लिहून कळवलं, की ते दालन मी माझ्या खर्चाने पुन्हा उभं करतो. ८ नोव्हेंबर १६०२ रोजी ग्रंथालय उघडलं, तेव्हा तिथे सुमारे अडीच हजार पुस्तकं होती.

ड्यूक हम्फ्री आणि बोडली यांच्यातला फरक इथे नीट पाहायला हवा. ड्यूकने पुस्तकं दिली आणि बाकीचं विद्यापीठावर सोपवलं. बोडलीने पुस्तकं दिली, शिवाय कायमच्या उत्पन्नासाठी जमीन आणि घरं दिली, पगारी ग्रंथपाल नेमला आणि नियमावली स्वतः लिहून काढली. देणगीदारांची नावं लिहायला चर्मपत्राची एक जाडजूड वही केली आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला दिसेल अशी ठेवली. ज्याला आपलंही नाव तिथे हवं, त्याने पुस्तकं द्यावीत, हा त्यामागचा हिशोब. तो अचूक ठरला.

नियमांतला सर्वांत कडक नियम म्हणजे पुस्तक बाहेर जाणार नाही. कुणासाठीही नाही. १६४५मध्ये यादवी युद्ध चालू असताना राजा पहिला चार्ल्स ऑक्सफर्डमध्ये तळ देऊन होता. त्याने एक पुस्तक मागवलं. ग्रंथपाल जॉन राउस यांनी नियमावली राजासमोर ठेवली आणि पुस्तक दिलं नाही. राजाने ते मान्य केलं. पुढे राजाचा शिरच्छेद झाला, सत्ता ऑलिव्हर क्रॉमवेलकडे गेली. १६५४मध्ये त्याने एक हस्तलिखित मागवलं, तर त्यालाही तेच उत्तर मिळालं आणि त्यानेही ते ऐकून घेतलं. एकमेकांच्या जिवावर उठलेल्या दोन बाजूंनी एकाच नियमापुढे मान तुकवावी, ही मला विलक्षण गोष्ट वाटते. १६४६मध्ये ऑक्सफर्ड पडलं, तेव्हा जिंकलेल्या फौजेचा सेनापती फेअरफॅक्स याने आधी ग्रंथालयावर पहारा बसवला. मरताना त्याने स्वतःची हस्तलिखितंही बोडलियनला दिली.

साखळ्यांची व्यवस्थाही याच नियमातून आली. मोठ्या आकाराच्या ग्रंथांच्या पुठ्ठ्याला पुढच्या कडेला साखळी जोडायची आणि तिचं दुसरं टोक फळीवरच्या गजात अडकवायचं. साखळीचा गुंता होऊ नये म्हणून पुस्तकाची पाठ आत आणि पानांची कड बाहेर, असं पुस्तक उभं करत. छोटी पुस्तकं खिशात सहज मावतात, म्हणून ती वरच्या सज्जात कुलपाआड राहत आणि ग्रंथपालाकडून मागून घ्यावी लागत. अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात साखळ्या निघाल्या. आगीची धास्ती मात्र पुढेही तशीच होती. १८४५पर्यंत इथे ऊब देणारी यंत्रणा नव्हती आणि १९२९पर्यंत कृत्रिम दिवा नव्हता. म्हणजे हिवाळ्यात वाचक गारठ्यात बसायचे आणि अंधार पडला की उठायचे. नव्या वाचकाला आजही शपथ घ्यावी लागते. पुस्तक बाहेर नेणार नाही, त्यावर खूण करणार नाही, त्याला इजा करणार नाही, आत आग वा ज्योत आणणार नाही, असा तिचा आशय आहे.

पहिले ग्रंथपाल होते थॉमस जेम्स. ग्रंथपाल अविवाहित असावा असं बोडलीचं म्हणणं होतं, पण जेम्स लग्नावर अडून बसले आणि बोडलीला अपवाद करावा लागला. जेम्स यांनी १६०५मध्ये ग्रंथालयाची सूची छापून काढली. सुरुवातीला ती धर्मशास्त्र, वैद्यक, कायदा आणि कला अशा विद्याशाखांनुसार होती. १६२०च्या सूचीत लेखकांच्या नावांचा वर्णानुक्रम आला. आपल्याला आज यात काही विशेष वाटणार नाही. पण त्याआधी एखाद्या ग्रंथालयात काय आहे हे पाहायला तिथवर जावं लागे. छापील सूची दूरच्या शहरातल्या विद्वानाच्या टेबलावर पोहोचू लागली.

आता या लेखातला सर्वांत महत्त्वाचा भाग. १६१०मध्ये बोडलीने लंडनच्या स्टेशनर्स कंपनीशी, म्हणजे मुद्रक आणि प्रकाशकांच्या संघटनेशी, करार केला. संघटनेकडे नोंदणी झालेल्या प्रत्येक नव्या पुस्तकाची एक प्रत बोडलियनला फुकट द्यायची. कल्पना मुळात जेम्स यांची असावी असं मानलं जातं. फर्स्ट फोलिओ याच वाटेने ग्रंथालयात आला. मुद्रक टाळाटाळ करत, तगादा लावावा लागे, तरी तत्त्व ठरून गेलं होतं. १६६२मध्ये ते कायद्यात आलं आणि १७१०च्या कॉपीराइट कायद्याने ते पक्कं केलं.

आज याला ‘लीगल डिपॉझिट’ म्हणतात. ते चालतं असं. ब्रिटनमध्ये कुणी काहीही प्रकाशित केलं की एक प्रत ब्रिटिश लायब्ररीला आपणहून पाठवावीच लागते. आणखी पाच ग्रंथालयांना, म्हणजे ऑक्सफर्डचं बोडलियन, केंब्रिज विद्यापीठाचं ग्रंथालय, स्कॉटलंड आणि वेल्सची राष्ट्रीय ग्रंथालयं आणि डब्लिनचं ट्रिनिटी कॉलेज यांना, प्रकाशनानंतर वर्षभराच्या आत प्रत मागण्याचा हक्क आहे. मागितली की प्रकाशकाला ती विनामूल्य द्यावीच लागते. यात पुस्तक चांगलं की वाईट हा प्रश्नच येत नाही. संशोधनग्रंथ येतो तशी स्वयंपाकाची पुस्तकं येतात, शाळेची क्रमिक पुस्तकं येतात, नकाशे येतात, कुणाही गंभीर माणसाने हातात धरू नयेत अशा कादंबऱ्याही येतात.

हे खुद्द बोडलीला आवडलं नसतं. करार त्याचाच, पण इंग्रजी नाटकं, पंचांगं असलं हलकंफुलकं छापील साहित्य ग्रंथालयात घेऊ नये, असं त्याचं स्पष्ट मत होतं. १६१३मध्ये तो वारला, त्यामुळे फर्स्ट फोलिओ त्याने पाहिलाच नाही. पाहिला असता तर कदाचित दारातूनच परत पाठवला असता! मला हे फार बोलकं वाटतं. ज्या माणसाने हे ग्रंथालय उभं केलं, त्याची अभिरुची चुकली आणि त्याचा नियम बरोबर निघाला.

याच्या उलट एक उदाहरण आहे, आणि तिथे बोडली अभिरुचीच्या पलीकडे गेलेला दिसतो. १६०४च्या सुमारासच ग्रंथालयात चिनी पुस्तकं आली. ऑक्सफर्डमध्ये ती वाचू शकणारा एकही माणूस नव्हता. तरी ती ठेवली. ऐंशी वर्षांनी, १६८७मध्ये, शेन फुत्सुंग नावाचा चिनी तरुण ऑक्सफर्डला आला. तेव्हाचे ग्रंथपाल थॉमस हाइड यांनी त्याला जवळ बसवून एकेका पुस्तकात काय आहे ते विचारून घेतलं आणि त्याची नोंद केली.

त्या दोघांनी मिळून आणखी एक वस्तू पाहिली होती. कायदेपंडित जॉन सेल्डन यांच्या मृत्यूनंतर त्यांची सुमारे आठ हजार पुस्तकं आणि हस्तलिखितं १६५९मध्ये बोडलियनला मिळाली. त्यांत दीड मीटर लांबीचा, हाताने काढलेला चीन आणि आग्नेय आशियाचा नकाशा होता. हाइड यांनी शेनच्या मदतीने त्यावर काही नावं लिहून घेतली आणि पुढे नकाशा विस्मरणात गेला. २००८मध्ये रॉबर्ट बॅचलर हे अमेरिकन इतिहासकार तो पाहत असताना त्यांना समुद्रावर आखलेल्या बारीक रेषा दिसल्या. त्या होत्या सतराव्या शतकातल्या चिनी व्यापाऱ्यांच्या जलमार्गांच्या, होकायंत्राच्या दिशांसह. चीन तेव्हा जगापासून तोंड फिरवून बसला होता, या समजुतीला धक्का देणारा हा पुरावा. साडेतीनशे वर्षं तो ग्रंथालयातच होता.

सेल्डन यांच्याच संग्रहातून ‘कोडेक्स मेंडोसा’ आला. १५४०च्या दशकाच्या सुरुवातीला मेक्सिको शहरात स्थानिक चित्रकारांनी तो तयार केला. त्यात अझ्टेक राजांनी जिंकलेली गावं आहेत, कोणत्या गावाने किती कापड, किती पिसं, किती धान्य खंडणी म्हणून द्यायचं याच्या चित्रमय याद्या आहेत, आणि मुलं वाढवण्यापासून शिक्षा देण्यापर्यंतचं रोजचं जीवनही आहे. स्पेनच्या राजासाठी निघालेलं हे हस्तलिखित फ्रेंच चाच्यांच्या हाती लागलं आणि बरेच हात बदलत ऑक्सफर्डला पोहोचलं. अझ्टेकांची बहुतेक चित्रहस्तलिखितं स्पॅनिश विजयानंतर नष्ट झाली, म्हणून याचं मोल आणखी वाढतं.

भारतीय वाचकाला बोडलियनमध्ये बरंच काही ओळखीचं भेटतं. आर्चबिशप विल्यम लॉड यांनी १६३५ ते १६४१ या काळात तेराशेच्या आसपास हस्तलिखितं दिली. त्यांत रागमालेच्या चित्रांचा एक संच होता. म्हणजे शहाजहान गादीवर असताना भैरव-मालकंसाच्या परंपरेतली ती लघुचित्रं ऑक्सफर्डला पोहोचली होती. १९०९मध्ये नेपाळचे पंतप्रधान चंद्र शमशेर यांनी सहा हजारांहून अधिक संस्कृत हस्तलिखितं भेट दिली. स्वामीनारायण संप्रदायाचे संस्थापक सहजानंद स्वामी यांनी १८३०मध्ये राजकोटला मुंबईचे गव्हर्नर सर जॉन माल्कम यांना दिलेली ‘शिक्षापत्री’ची प्रतही इथेच आहे. तिच्या दर्शनाला अनुयायी ऑक्सफर्डला जातात. एकाच पोथीसमोर कुणी वाचक म्हणून बसतो तर कुणी हात जोडून उभा राहतो, आणि ग्रंथालयाने दोघांनाही जागा दिली आहे.

बखशाली हस्तलिखिताबद्दल थोडं थांबून सांगायला हवं. १८८१मध्ये पेशावरजवळच्या, आता पाकिस्तानात असलेल्या बखशाली गावात जमीन खणताना एका शेतकऱ्याला भूर्जपत्रांचा जीर्ण गठ्ठा सापडला. अभ्यासक होर्नले यांच्यामार्फत तो १९०२मध्ये बोडलियनला आला. सत्तर पानं, शारदा लिपी, विषय गणित. नियम, उदाहरणं, पडताळा असं सगळं त्यात आहे. संख्या लिहिताना रिकाम्या स्थानावर ठसठशीत टिंब दिलं आहे. तेच पुढच्या शून्याचं जुनं रूप. २०१७मध्ये तीन पानांची कार्बन चाचणी झाली, तर तिन्ही पानांचे काळ वेगवेगळे आले. सर्वांत जुनं पान तिसऱ्या-चौथ्या शतकातलं निघालं. त्यावरून ‘जगातला सर्वांत जुना शून्य’ अशा बातम्या झळकल्या. पण अक्षर एकाच धाटणीचं आणि मजकूर सलग असताना पानांत काही शतकांचं अंतर कसं, असा आक्षेप गणिताच्या इतिहासकारांनी घेतला. मला तो आक्षेप वजनदार वाटतो. मूळ पानं जपलेली आहेत म्हणूनच असा वाद नीट घालता येतो.

यातल्या काही वस्तू प्रेमाने दिलेल्या भेटी आहेत, काही रोख मोजून घेतलेल्या. काही मात्र परक्या सत्तेच्या बळावर हाती आल्या. चांगल्या जपल्या गेल्या, एवढ्या एका गोष्टीने त्या कशा आल्या हा प्रश्न संपत नाही. तो विचारलाच पाहिजे.

इतकं सगळं ठेवायचं कुठे? आज छापील साहित्यच एक कोटी तीस लाखांहून अधिक आहे. मूळ इमारतीला बोडलीच्या हयातीतच वाढवायला घेतलं. डॉक्टर जॉन रॅडक्लिफ यांच्या पैशातून १७३७ ते १७४९ या काळात बांधलेली घुमटाकार रॅडक्लिफ कॅमेरा ही इमारत १८६०मध्ये बोडलियनकडे आली. रस्त्यापलीकडे पन्नास लाख पुस्तकांची नवी इमारत झाली. १९४६मध्ये राजा सहावा जॉर्ज तिच्या उद्घाटनाला आला, तेव्हा समारंभाची किल्ली कुलपातच तुटली. तीही जागा पुरेना, तेव्हा २०१०मध्ये स्विंडनजवळ प्रचंड गोदाम उभारलं. तिथे सगळ्या फळ्या एकापुढे एक मांडल्या तर सुमारे २४६ किलोमीटर भरतात. गोदामातली पुस्तकं विषयवार लावलेली नसतात, आकाराप्रमाणे असतात. सारख्या उंचीची पुस्तकं एकत्र ठेवली की दोन फळ्यांमधली हवा वाया जात नाही. कोणतं पुस्तक कुठल्या ट्रेमध्ये आहे, हे बारकोड सांगतो. वाचक ऑक्सफर्डमधून मागणी नोंदवतो आणि पुस्तक गाडीने वाचनकक्षात येतं. तोटा एकच. फळीसमोर उभं राहून शेजारचं अनपेक्षित पुस्तक हाती लागण्याचं सुख इथे मिळत नाही. ते सुख संशोधकाला किती देऊन जातं, हे ग्रंथालयात वाढलेल्या कुणालाही ठाऊक असेल.

बोडलियनचं एक कोटी वीस लाखावं छापील पुस्तकही असंच लक्षात ठेवण्याजोगं आहे. कवी शेली ऑक्सफर्डचा विद्यार्थी. १८११मध्ये नास्तिक मतांच्या पत्रकावरून विद्यापीठाने त्याला काढून टाकलं. त्याच वर्षी त्याने छापलेली एक दीर्घ राजकीय कविता पुढे पूर्ण नाहीशी झाली. २००६मध्ये तिची एकमेव ज्ञात प्रत उजेडात आली आणि २०१५मध्ये ती बोडलियनने घेतली. आज ती कुणालाही इंटरनेटवर फुकट वाचता येते. फर्स्ट फोलिओची ती झिजलेली प्रत आणि कोडेक्स मेंडोसाही तसेच पाहता येतात.

आता छपाईच नसलेलं साहित्य वाढतं आहे. २०१३पासून ब्रिटनमध्ये ई-पुस्तकं, ई-नियतकालिकं आणि संकेतस्थळंही लीगल डिपॉझिटखाली आली. यांच्या प्रती एडिंबरा, ॲबरिस्टविथ, लंडन आणि बॉस्टन स्पा अशा चार ठिकाणी ठेवल्या जातात. वाचण्यासाठी मात्र सहापैकी एखाद्या ग्रंथालयातल्या संगणकासमोरच बसावं लागतं, आणि एका ग्रंथालयात एका वेळी एकालाच ती प्रत उघडता येते. प्रकाशकांचं नुकसान होऊ नये म्हणून ही अट आहे. ऑक्टोबर २०२३मध्ये ब्रिटिश लायब्ररीवर सायबर हल्ला झाला. यंत्रणा सामायिक असल्याने बोडलियनच्या वाचकांनाही हे डिजिटल साहित्य पुढे अनेक महिने उघडता आलं नाही. कागदावरची पुस्तकं त्या काळात रोजच्यासारखी स्विंडनहून येत राहिली.